घोडीचे ठोके अर्ध्या तासानंतरही ७२, डिसेंबरात ४० किमी होईल का?

ज्यांनी प्रश्न विचारलाय त्यांची हकिगत आधी थोडक्यात सांगतो, म्हणजे बाकीच्यांनाही संदर्भ लागेल. साडेपाच वर्षांची मारवाडी घोडी आहे, गेल्या दत्तजयंतीला सारंगखेड्याच्या बाजारातून आणलेली. चार महिने झाले, रोज सकाळी आठच्या सुमारास १० किमी पळवतात, ४० मिनिटांत, थोडं डांबरीवरून थोडं शेतरस्त्यानं. घोडी उत्साही आहे, थांबायलाच मागत नाही. पण परत आल्यावर अर्ध्या तासानं स्टेथोस्कोप लावला तर ठोके ७२, आणि घाम फेसासारखा. डिसेंबरअखेरची ४० किमीची राइड, म्हणजे लांब पल्ल्याची घोडेस्वारीची स्पर्धा, करायची आहे. स्वार ८२ किलो. विचारलंय असं की चंदी (दाणा) वाढवू का, बाजारातली ताकदीची पावडर देऊ का, की काका म्हणतात तसं गूळ-तूप चालू करू.

दादा, पहिलं तर स्टेथोस्कोप घेतलात आणि आकडा खरा लिहिलात याबद्दल शाबासकी, निम्मे लोक "घोडा एकदम फ्रेश आहे" एवढंच लिहितात. पण तुमचा प्रश्न खाण्याचा नाहीये. तुमच्या घोडीला ताकद कमी पडत नाहीये, तिचं इंजिन गार होत नाहीये. १० किमी ४० मिनिटांत म्हणजे ताशी १५ किमी, आणि ते रोज, आठ वाजता, ऑक्टोबरच्या उन्हात. अनुभवी घोडा आणि अनुभवी स्वार स्पर्धेत या वेगानं जातात, पण साडेपाच वर्षांच्या घोडीला रोज असं पळवणं म्हणजे सराव नव्हे, रोजची परीक्षाच.

आता मी काय सांगू शकत नाही तेही सांगतो. घोडी बघितल्याशिवाय ७२ का हे कुणीच छातीठोक सांगू शकणार नाही. साधारण चार कारणं असतात. एक, वेग आणि ऊन जास्त. दोन, कुठेतरी दुखतंय, कारण दुखणं असलं की ठोके खाली येत नाहीत, भले घोडा लंगडत नसेल. तीन, अंगातलं पाणी आणि मीठ कमी झालंय. चार, आजार, आणि आपल्याकडे पावसाळ्यानंतर आजार म्हटलं की माझ्या डोक्यात पहिला सर्रा येतो. गोमाश्या चावून रक्तात जंतू जातात, ताप येतो-जातो, घोडा खातो पण अंग धरत नाही, पोटाखाली किंवा पायांवर सूज येते, आणि कामात आधीसारखा राहत नाही. त्यामुळे राइडचा विचार बाजूला ठेवा आणि आधी डॉक्टरांकडून रक्त तपासून घ्या. हे न करता सराव वाढवलात तर पुढचं सगळं वाचून उपयोग नाही.

रिपोर्ट स्वच्छ आला असं धरून पुढे लिहितो.

ठोक्यांचं गणित असं आहे. निवांत उभ्या घोड्याचे ठोके मिनिटाला साधारण ३० ते ४० असतात. दुडकीत १२० ते १५०, आणि जोरात पळाला तर २०० च्या वर. राइडमध्ये प्रत्येक टप्प्यानंतर व्हेट गेटवर, म्हणजे डॉक्टरांच्या तपासणी नाक्यावर, घोड्याचे ठोके ठरलेल्या वेळात ६४ च्या आत यावे लागतात, आंतरराष्ट्रीय नियमात टप्प्याला १५ मिनिटं आणि शेवटी २० मिनिटं मिळतात, स्थानिक राइडला आकडा थोडा वेगळा असू शकतो, फॉर्म भरताना वाचून घ्या. तुमची घोडी ३० मिनिटांनी ७२ वर आहे. म्हणजे १० किमीलाच बाद. वाईट वाटून घेऊ नका, हे घरच्या अंगणात कळलं हे बरं झालं.

माझी पद्धत सांगतो. रपेट संपली की उतरायचं, तंग दोन भोकं सैल करायचा, डाव्या कोपराच्या मागे स्टेथोस्कोप लावायचा, १५ सेकंद मोजायचं आणि चारनं गुणायचं. १५ सेकंदात १६ ठोके म्हणजे ६४. परत ५, १० आणि १५ मिनिटांनी, आणि वहीत लिहायचं, शेजारी त्या दिवसाचं ऊन, अंतर, वेळ. चांगल्या तयार घोड्याचे ठोके पाचेक मिनिटांत ६४ च्या खाली येतात. एकच आकडा बघून काही कळत नाही, त्याच रस्त्यावर त्याच वेगानं महिनाभराचे आकडे बघितले की घोडा बोलायला लागतो.

अजून एक चाचणी घरी करता येते. ठोके ६० च्या आसपास आले की मोजून घ्या, मग घोडीला हातात धरून साधारण ४० मीटर दुडकीत न्या आणि परत आणा, दुडकी सुरू केल्यापासून बरोबर एक मिनिटानं परत मोजा. आकडा तेवढाच किंवा कमी आला तर ठीक. चारपेक्षा जास्त वाढला तर घोडी थकलीये किंवा काहीतरी दुखतंय, भले ती कान टवकारून उभी असेल. डॉक्टर गेटवर हेच करतात. यात आपल्या मारवाड्यांची एक गोची होते, बऱ्याच घोड्यांना बाजारासाठी रेवाल चाल (स्वाराला न उसळवणारी झपाझप चाल) शिकवलेली असते आणि हातात धरून सरळ दुडकीत पळणं त्यांना माहीतच नसतं. घोडा वेडावाकडा चालला की लंगडतोय का नाही हे डॉक्टरांना ठरवता येत नाही. आठवड्यातून तीनदा मोतद्दाराकडून (घोडा सांभाळणाऱ्याकडून) हे करून घ्या.

आता मुख्य मुद्दा, जो मला स्वतःला एक घोडी वाया घालवून कळला. घोड्याचं शरीर सगळं एकदम तयार होत नाही. हृदय, फुप्फुसं आणि स्नायू तीन-चार महिन्यांत बऱ्यापैकी तयार होतात. नळीच्या (गुडघ्याखालच्या हाडाच्या) मागच्या नसा, म्हणजे टेंडन, घट्ट व्हायला सहा महिने ते वर्ष. आणि हाडं पूर्ण कसायला दोन-तीन वर्षं. म्हणजे चार महिन्यांनी अशी वेळ येते की घोड्यात दम भरपूर आलेला असतो, थांबायला मागत नाही, आणि पाय मात्र अजून कच्चे असतात. तुम्ही लिहिलंय ना "थांबायलाच मागत नाही", ते वाचून मला आनंद नाही झाला, काळजी वाटली. तुम्ही नेमके तिथे आहात.

माझी घोडी अशीच होती, सरावाच्या पाचव्या महिन्यात. रोज पहाटे चंदी देताना मी अंधारातच तिच्या पायांवरून हात फिरवतो, अजूनही, सवय आहे. गुडघ्याच्या खाली नळीच्या मागे अंगठा आणि दोन बोटं ठेवायची आणि हळूहळू खाली टाचेपर्यंत यायचं, दोन्ही नसा वेगवेगळ्या जाणवल्या पाहिजेत, ताणलेल्या सुतळीसारख्या, गार आणि घट्ट. मग दुसरा पाय, त्याच उंचीवर, कारण तुलना केल्याशिवाय कळत नाही. त्या दिवशी डाव्या पुढच्या पायावर मधोमध हरभऱ्याएवढी जागा किंचित ऊबदार लागली. दाबल्यावर तिनं पाय उचलला, अगदी थोडा. लंगडत नव्हती. मी म्हटलं माशी बसली असेल. रविवार होता, सगळे मित्र निघाले होते, गेलो २५ किमी. सोमवारी ती नस केळ्यासारखी फुगली होती. नऊ महिने घोडी उभी, आणि नंतर तिनं लांबची राइड कधीच केली नाही. ती ऊब मला शनिवारीच लागली असणार, मी नीट बघितलं नसणार.

याच्या उलट उदाहरण बघायचं तर धनगरांच्या भीमथडी घोड्या बघा. पावसाळ्यानंतर कळपाबरोबर बिऱ्हाड पाठीवर घेऊन कोकणात उतरतात आणि परत वर येतात, शिंगरू आईच्या मागे पहिल्या महिन्यापासून दगडधोंड्यातून चालत असतं. कुणी त्यांना ट्रेनिंग देत नाही, पण चार वर्षांची होईपर्यंत त्या पायांनी जे चाललेलं असतं ते आपण तबेल्यात वाढवलेल्या घोड्याला कुठल्याच पावडरनं देऊ शकत नाही. चालणं. नुसतं चालणं. हेच आपण विसरतो, कारण चालवण्यात मजा नाही.

मग करायचं काय. पहिले तीन आठवडे पळवणं बंद. पहाटे साडेपाचला निघायचं, सव्वा तास चाल, मधेमधे पाच-पाच मिनिटं हलकी दुडकी. चाल म्हणजे रेंगाळणं नव्हे, ताशी ६ किमी पडली पाहिजे. आठवड्यात चार दिवस काम, त्यातला एक दिवस लांब, बाकीचे दिवस मोकळं सोडायचं, तबेल्यात बांधून ठेवायचं नाही. लांबचा दिवस १२ किमीपासून सुरू करा आणि दर आठवड्याला एक-दीड किमीनंच वाढवा. तीन गोष्टी असतात, अंतर, वेग आणि चढ, यातली एका वेळी एकच वाढवायची. ज्या आठवड्यात घाट घेतला त्या आठवड्यात अंतर वाढवायचं नाही. आणि दर चौथा आठवडा मुद्दाम हलका ठेवायचा. हाड आणि नस आरामात भरतात, कामात नाही. या हिशोबानं डिसेंबर मध्यापर्यंत तुमचा लांबचा दिवस १८ ते २२ किमीवर जाईल, ताशी ९-१० च्या वेगानं.

डांबरीवर दुडकी नकोच. शेतरस्ता, कालव्याची कड, मुरूम, असं बघा. रोज खोल वाळूतही नको, तिथे नसा ताणतात. दुडकीत उठबस करताना डावा-उजवा बदलत राहा, म्हणजे कधी घोडीच्या पुढच्या डाव्या तर कधी उजव्या पायाच्या तालावर उठा, बरेच जण आयुष्यभर एकाच बाजूवर बसतात आणि घोड्याची एक बाजू आखडते. सॅडल काढल्यावर घामाची नक्षी बघा, सगळीकडे ओलं आणि मधेच एक कोरडा ठिपका म्हणजे तिथे दाब पडतोय. नाल दर सहा आठवड्यांनी, आणि राइडच्या आदल्या दिवशी नालबंद बोलवायचा नाही, आठ-दहा दिवस आधी.

आता वजन. रागावू नका. घोडीचं वजन टेपनं काढता येतं, कोपरामागून छातीचा घेर सेंमीमध्ये, त्याचा वर्ग, गुणिले खांद्याच्या टोकापासून पुठ्ठ्याच्या टोकापर्यंतची लांबी, भागिले ११,८७७. घेर १६५ आणि लांबी १५० असेल तर साधारण ३४४ किलो. तुम्ही ८२, सॅडल धरून ९०, म्हणजे तिच्या वजनाच्या २६ टक्के. आम्ही २० टक्क्यांच्या आसपास राहायला बघतो. दणकट हाडाची घोडी जास्तही वाहून नेते, पण मग वेग कमी ठेवायचा आणि उतार आला की खाली उतरून शेजारी चालायचं. मी स्वतः ७८ चा आहे, प्रत्येक उतारावर उतरतो, गुडघे बोंबलतात पण घोडीचे पुढचे पाय वाचतात. शेवटचा अर्धा किमी तर सगळ्यांनीच चालत यावा, गेटवर पोचेपर्यंत ठोके निम्मे उतरलेले असतात. यात लाज कसली, कॅलिफोर्नियात १९५५ पासून १०० मैलांची, म्हणजे १६० किमीची टेव्हिस कप राइड होते, २४ तासांत संपवायची, साधारण निम्मे घोडे पोचतच नाहीत, तिथेही लोक चढाला घोड्याची शेपटी धरून पायी चालतात.

खाण्याचं. घोड्याचं इंजिन वैरणीवर चालतं, हरभऱ्यावर नाही. वजनाच्या दीड ते दोन टक्के कोरडी वैरण, म्हणजे तुमच्या घोडीला ५ ते ७ किलो, ही पहिली गरज. वैरणीनं भरलेलं पोट म्हणजे पाण्याची टाकी असते, राइडमध्ये तिथूनच पाणी ओढलं जातं. वाळलेलं गवत सगळ्यात बरं, लसूणघास थोडा. कडब्याला बुरशीचा वास आला तर उकिरड्यावर, पोटशूळ परवडत नाही. चंदी कामाच्या मापानं, दोन-तीन वेळा विभागून, आणि सुट्टीच्या दिवशी निम्मी. हे फार महत्त्वाचं, कारण भरपूर चंदी खाऊन दोन दिवस उभा राहिलेला घोडा तिसऱ्या दिवशी कामाला काढला की पुठ्ठे दगडासारखे आखडतात, लघवी कॉफीसारखी होते, मग जागचा हलवायचा नाही, डॉक्टर बोलवायचा. ऊर्जा वाढवायचीच असेल तर तेल, रोज ५० मिलीपासून हळूहळू चढवत. काकांचं तूप त्याच जातीचं आहे, पण महाग, ते तुम्हीच खा. गुळाचा खडा लाडापुरता. पावडरीबद्दल माझं मत, पैसे जास्त झाले असतील तर नालबंदाला द्या. आणि एक, शेजारच्या पोल्ट्रीचं खाद्य चुकूनही घोड्याच्या तोंडी जाऊ देऊ नका, त्यात कोंबड्यांसाठी मोनेन्सिन नावाचं औषध घातलेलं असू शकतं, घोड्याला ते थोडंसुद्धा जिवावर बेततं.

पाणी आणि मीठ यावर थोडा वेळ थांबतो, कारण तुमच्या "फेसासारखा घाम" चं उत्तर इथे आहे. फेस येणं स्वतः वाईट नाही, घोड्याच्या घामात साबणासारखं एक प्रथिन असतं, त्यामुळे तो फेसाळतो. पण त्याचा घाम आपल्यापेक्षा खूप खारट असतो. आपल्याला घाम आला की पाणी जास्त जातं, रक्त खारट होतं, तहान लागते. घोड्याचं पाणी आणि मीठ बरोबरीनं जातं, रक्त खारट होतच नाही, म्हणून शरीर सुकत असूनही त्याला तहान लागत नाही. उन्हात तासाला १० लिटर घाम सहज जातो, कधी १५. म्हणून "पाणी दाखवलं, प्याली नाही, म्हणजे तहान नसेल" हे घोड्याला लागू नाही.

रोजच्या चंदीत दोन मोठे चमचे साधं मीठ टाका, बाराही महिने. कामाच्या दिवशी दोन भाग साधं मीठ आणि एक भाग कमी-सोडियमवालं मीठ, ज्यात पोटॅशियम असतं, असं मिसळून द्या. पण पाणी प्यायल्यावरच, सुकलेल्या घोड्याच्या तोंडात नुसतं मीठ कोंबलं तर उलटं होतं. मेडिकलवाला वासरांच्या हगवणीचं इलेक्ट्रोलाइट पुढे करेल, ते नको, त्यात बहुधा सोडा असतो आणि लांब पळालेल्या घोड्याचं रक्त आधीच अल्कलीच्या बाजूला झुकलेलं असतं. घरीच तिला मूठभर कोंडा घातलेलं पाणी प्यायची सवय लावा, परक्या गावात परकं पाणी घोडे हुंगून सोडतात, कोंड्याचा ओळखीचा वास आला की पितात.

मीठ गेलं की काय होतं ते एकदा गेटवर बघितलं. एका नवख्या मुलाचा घोडा, उभा होता शांत, पण कुशी दर सेकंदाला झटके देत होती, उचकी लागल्यासारखी. मुलगा म्हणाला दम लागलाय. डॉक्टरांनी एक हात कुशीवर ठेवला, दुसऱ्या हातानं स्टेथोस्कोप, आणि त्याला म्हणाले मोज. प्रत्येक ठोक्याला एक झटका. कॅल्शियम आणि बाकीचे क्षार घसरले की हृदयाच्या तालावर छाती-पोटातला पडदा आकसायला लागतो. घोडा तिथेच बाद, सलाइन लावलं, संध्याकाळी वैरण खात होता. हे दिसलं तर एक पाऊलही पुढे नाही.

गार करणं. "तापलेल्या घोड्यावर गार पाणी ओतलं तर आखडतो" हे मीही वीस वर्षं ऐकत आलोय. १९९६ च्या अटलांटा ऑलिंपिकच्या आधी दमट उन्हात घोडे कसे सांभाळायचे यावर बरंच संशोधन झालं आणि गार पाणी सुरक्षित आहे, उलट तेच लागतं, हे स्पष्ट झालं. मान, छाती, पोट, मांड्यांच्या आतून, सगळीकडे सतत ओतत राहा, सावलीत, वाऱ्याला. ओली गोणी पाठीवर टाकून ठेवू नका, ती गरम होऊन घोंगडीसारखी होते. निघण्याआधी साधा हिशोब करा, फॅरेनहाइटमधलं तापमान अधिक हवेतला दमटपणा. २८ अंश सेल्सिअस म्हणजे ८२, दमटपणा ७५, बेरीज १५७. १३० पर्यंत निवांत, १५० च्या वर घाम वाळत नाही आणि घोडा गार होत नाही, १८० ला घरी बसा. तुमच्या आठ वाजताच्या रपेटीचं कोडं मला वाटतं निम्मं इथेच सुटेल. अंगाचा ताप मोजायची सवय लावा, ३७.५ ते ३८.५ सेल्सिअस नॉर्मल.

थोडक्यात क्रम असा: या आठवड्यात रक्ततपासणी, उद्यापासून पहाटेची वेळ, तीन आठवडे चाल, वही चालू, रोज पायांवर हात.

आणि डिसेंबरचं? माझं मत विचाराल तर २० किमीचा फॉर्म भरा. आपल्याकडे २०, ४०, ६०, ८० असे टप्पे असतातच, ४० पुढच्या हिवाळ्यात. तरी मन ऐकत नसेल तर एक अट स्वतःला घाला. डिसेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात २० किमी ताशी १० नं करा, १० मिनिटांत ठोके ६० च्या आत, दुसऱ्या दिवशी सकाळी चारही पाय गार, पाठ दाबल्यावर दचकत नाही, लीद आणि खाणं नेहमीसारखं, हे सगळं एकत्र जमलं तर ४० ला उभे राहा, तेही ताशी ९ नं, शेवटचे आलात तरी चालेल. यातलं एकही चुकलं तर २०. बादली मात्र दोन्हीकडे घरचीच न्या. रक्ताचा रिपोर्ट आला आणि पहिल्या दहा दिवसांचे आकडे जमले की इथेच टाका, मग चढाचं कधी सुरू करायचं ते बघू.